आडबंदराची सहल

रसायनीचा माणूस आगबोटीच्या सहलीवर बोलणार म्हटल्यावर आपल्याला थोडे हसू आले असेल. खालापूर तालुक्यातले हे गाव. इथे समुद्र नाही. सकाळी खिडकी उघडली की दिसतो तो कर्नाळ्याचा अंगठा, आणि वारा फिरला तर कारखान्याचा वास. गावाला हे नावसुद्धा कारखान्यांनीच दिले. हिंदुस्थान ऑर्गॅनिक केमिकल्स ही सरकारी कंपनी १९६० साली स्थापन झाली, तिचा कारखाना इथे आला आणि त्यामागून दुसरे आले. बाजाराचे गाव मोहोपाडा, स्टेशन रसायनी, आणि राहणारा माणूस तिसरीकडूनच आलेला. असा हा आमचा मुलूख.

पण आमच्या अंगणाजवळून पाताळगंगा वाहते. टाटांचे खोपोलीचे वीजघर १९१५ साली सुरू झाले. घाटावरच्या तलावांचे पाणी तिथे चक्र्यांवर पडते आणि मग या नदीला मिळते. म्हणून आमची नदी ऐन वैशाखातही अंग राखून असते. आपट्याकडे तिला भरतीचे पाणी भेटते, पुढे धरमतरची खाडी, मग रेवस आणि मग मोकळा दर्या. आमच्या दारचे पाणी रोज समुद्राला जाते, आम्हीच काय ते जात नाही.

तर आम्ही एकदा गेलो. दोन वर्षांपूर्वी, माघात. 'आम्ही' म्हणजे मी, आमची मंडळी आणि माझी थोरली बहीण. तिला आम्ही आक्का म्हणतो. आक्काचे वय तेव्हा सत्त्याहत्तर. तिच्या एका डोळ्यात मोतीबिंदूनंतरही अंधुकपणा राहिलेला, दुसरा त्याच वाटेवर. डॉक्टरांनी स्पष्ट काही सांगितले नव्हते, पण आक्का शहाणी आहे. ती म्हणाली, "दिसतंय तोवर एकदा बोटीत बसव मला. आगगाड्या पुष्कळ झाल्या."

आमचे आजोळ हर्णैजवळ. वडील मुंबईस गिरणीत. दिवाळीला आणि मे महिन्यात आम्ही भाऊच्या धक्क्यावरून आगबोटीने जात असू. मी फार लहान होतो. मला आठवतो तो बोटीचा भोंगा आणि आईने पदराने दाबून धरलेले लिंबू. आक्काला मात्र सगळे आठवते. तेव्हा तिचे बोलणे मनावर घेऊन मुलांनी एका मोठ्या बोटीची तिकिटे काढून दिली. हल्ली ज्याला क्रूझ म्हणतात, तिची. मुंबईहून निघायचे, गोव्यास जायचे, परत यायचे. बोटीचे नाव सांगत नाही, कारण माझी तक्रार बोटीविषयी नाही. जेवण उत्तम, चादरी स्वच्छ, पोरे नम्र. तक्रार असलीच तर माझ्या स्वतःच्या निवडीविषयी आहे.

बोट संध्याकाळी सुटली. आक्का डेकवर कठड्याला धरून उभी. तिने तिथल्या एका गणवेषातल्या मुलाला विचारले, "काय रे बाळ, हर्णै किती वाजता लागेल?" त्याला हर्णै ठाऊक नव्हते. तो बिचारा अदबीने म्हणाला, "आजी, जेवण आठ वाजता आहे." आक्का जेवायला आली नाही. रात्री अकरापर्यंत ती तशीच उभी होती. किनारा कुठेतरी लांब होता, काळी रेघसुद्धा नव्हती. फक्त एक दिवा मधूनमधून मिचकत होता. "तो हर्णैचा असेल, नाही का रे?" तिने विचारले. मी हो म्हटले. मला ठाऊक नव्हते.

दुसऱ्या दिवशी गोव्यास आठ तास मिळाले. त्यातले तीन बसमध्ये गेले, एक रांगेत. आमच्या आधी आलेली माणसे जिथे उभी राहून फोटो काढत होती, तिथेच आम्ही उभे राहिलो. संध्याकाळी बोटीवर परतताना आक्का म्हणाली, "बोट छान आहे. पण ही कुठं थांबत नाही रे."

श्रोतेहो, तेव्हापासून मी या प्रश्नाचा थोडा अभ्यास केला. बोटीच्या सहलीला निघणारा माणूस बोट पाहतो, खोली पाहतो, भाडे पाहतो. बोट कुठे थांबणार आणि तिथे किती वेळ थांबणार, हे तो शेवटी विचारतो. खरे तर ते पहिल्यांदा विचारायला हवे.

बोट जितकी मोठी तितकी तिला बंदरे थोडी. हा साधा हिशेब आहे. मोठ्या प्रवासी जहाजाचा सात-आठ मीटर भाग पाण्याखाली असतो. तेवढे खोल पाणी, फिरायला ऐसपैस जागा, लांब धक्का, हजार माणसे उतरली तर त्यांना न्यायला बसगाड्या, एवढे सगळे जिथे आहे तिथेच ते जाऊ शकते. म्हणून सगळी मोठी जहाजे त्याच त्या बंदरांत गोळा होतात. आता तर सात हजारांवर उतारू घेणारे जहाज २०२४ पासून चालते आहे. सात हजार म्हणजे आपल्याकडचे एखादे मोठे गाव. ते गाव एका सकाळी दुसऱ्या गावात उतरले, तर पाहुण्यांनी काय पाहावे आणि यजमानांनी कुठे उभे राहावे? इटलीतल्या व्हेनिस शहराने कंटाळून १ ऑगस्ट २०२१ पासून मोठ्या जहाजांना शहराच्या मधल्या कालव्यातून जायला बंदी केली.

आता याची दुसरी बाजू पाहा. नॉर्वे देशाचा किनारा आपल्या कोकणासारखाच, खाड्यांनी कापलेला. तिथे १८९३ साली किनाऱ्याकिनाऱ्याने जाणारी एक आगबोट सुरू झाली. टपाल, माल आणि माणसे घेऊन ती लहानलहान गावी थांबे. ती वाट अजून चालू आहे. बर्गनपासून पार उत्तरेच्या कर्कनेसपर्यंत ३४ बंदरे घेत बोटी जातात, काही बंदरांत तर मध्यरात्री पाऊण तासच. जगभरचे प्रवासी पैसे मोजून त्या बोटीत बसतात. त्यांना काय दिसते? धक्क्यावर पेट्या उतरतात, कोणी म्हातारी नातवाला घ्यायला आलेली असते, बोट पुन्हा सुटते. हेच पाहायला ते तिथवर जातात.

हे वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून बसलो. कारण हे सगळे आपल्याकडे होते.

बॉम्बे स्टीम नॅव्हिगेशन कंपनीच्या बोटी एकोणिसाव्या शतकापासून या किनाऱ्याने जात. कोकणातली माणसे तिला शेपर्ड कंपनी म्हणत. हर्णै, दाभोळ, जयगड, रत्नागिरी, मुसाकाझी, विजयदुर्ग, देवगड, मालवण, वेंगुर्ले ही नावे आमच्या आईला पाढ्यासारखी पाठ होती. बऱ्याच ठिकाणी बोट धक्क्याला लागत नसे. ती लांब खोल पाण्यात नांगर टाकून उभी राही. भोंगा झाला की किनाऱ्यावरून पडाव निघत. शिडीशी पडाव लागला की लाटेबरोबर तो वर येई, खाली जाई. वर आला की नेमक्या त्या क्षणी खलाशी पोराला बगलेत धरून उचलत आणि पडावात ठेवत. मग ट्रंका, वळकट्या, फणसाएवढी बोचकी, आणि शेवटी नऊवारी सावरत आई. आक्का सांगते, "मला त्या खलाशाच्या हाताची भीती कधी वाटली नाही. त्याचा हात ओला असायचा आणि मिठाचा वास यायचा."

तो प्रवास सुखाचाच होता असे मी म्हणणार नाही. डेकवर माणसे सतरंजीला सतरंजी लावून पडत, वांत्या होत, पावसाळ्यात वाट बंदच. आणि १७ जुलै १९४७ चा दिवस कुलाबा जिल्ह्यातली जुनी माणसे अजून विसरलेली नाहीत. भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली 'रामदास' बोट काशाच्या खडकाजवळ उलटली. सहाशेहून अधिक माणसे गेली. लाटेने बोट कलली, घाबरलेले उतारू एका बाजूला धावले, आणि मग वेळच उरला नाही, असे सांगतात. स्वातंत्र्याला महिनाही उरला नव्हता. आमच्या जिल्ह्यातल्या कितीतरी घरांत तो श्रावण सणांशिवाय गेला.

पुढे 'कोकण शक्ती', 'कोकण सेवक' या बोटी आल्या आणि काही वर्षे चालल्या. एस.टी. गावात पोचली, महामार्ग झाला, १९९८ साली कोकण रेल्वे सबंध सुरू झाली. माणसांनी बोट सोडली आणि मग बोटीने माणसांना सोडले. २०१८ साली 'आंग्रिया' नावाची बोट मुंबई–गोवा सुरू झाली. कान्होजी आंग्रे यांच्या नावाचे प्रवाळाचे एक मोठे बेट विजयदुर्गासमोर समुद्रात बुडालेले आहे, त्याचेही हे नाव. नाव उत्तम होते, बोट टिकली नाही. २०२५ साली मुंबईहून जयगड आणि विजयदुर्गास मोटारींसह माणसे नेणाऱ्या बोटीची घोषणा झाली. आपण निघण्याआधी ती कोणत्या दिवशी आणि कुठवर जाते याची चौकशी स्वतः करावी, वर्तमानपत्रातल्या बातमीवर सामान बांधू नये. कोकणी माणसाने बोटीच्या घोषणा पुष्कळ ऐकल्या आहेत.

बरे, मग जावे कुठे?

ज्यांना मोठी बोटच हवी आहे, त्यांनी जरूर जावे. मुंबईहून क्रूझ निघते. पण निवडीला वाव असेल तर गोव्याच्या फेरीऐवजी लक्षद्वीप पाहावे. त्यातही माझा सल्ला असा की केरळातल्या कोचीपर्यंत आगगाडीने जावे आणि तिथून लक्षद्वीप प्रशासनाच्या बोटीने निघावे. त्या बोटी मुळात बेटांवरच्या माणसांच्या आहेत. शाळेला, दवाखान्याला, लग्नाला जाणारी माणसे त्यांतून जातात, आणि त्यांच्याबरोबर थोडे प्रवासी. बेटे एकूण ३६, माणसांची वस्ती दहांवर, आणि सगळी मिळून जमीन ३२ चौरस किलोमीटर. आमच्या एका तालुक्याच्या कोपऱ्यात मावेल. सहलीचा क्रम असा असतो की रात्र बोटीवर, दिवस बेटावर. कवरत्ती, कल्पेनी आणि मिनिकॉय.

यांतले मिनिकॉय मला सर्वांत आडबाजूचे वाटते. ते बाकीच्या बेटांपासून दूर, दक्षिणेला, मालदीवच्या वाटेवर आहे. तिथली बोली महल. ती मालदीवच्या भाषेची बहीण आहे आणि लिहितात उजवीकडून डावीकडे. १८८५ सालचे दीपगृह आहे, त्यावर चढता येते. बेटाभोवती प्रवाळाचा बांध आणि आत उथळ, हिरवे पाणी. म्हणून मोठी बोट बाहेर खोल पाण्यात उभी राहते आणि लहान होड्या येऊन माणसे नेतात. लाटेबरोबर होडी वर येते, आणि त्या क्षणी खलाशी तुमचा दंड धरतो. हे वाचून आक्का म्हणाली, "म्हणजे आमचं हर्णैच की." या बेटांवर जायला परवाना लागतो, तो महिना-दीड महिना आधी मागावा. हवा ऑक्टोबरपासून मेपर्यंत ठीक. आणि ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी होडीत उतरण्याचा तो प्रकार आधी नीट विचारून घ्यावा. धीर पुरेसा नाही, गुडघाही लागतो.

गुजराथेत एक लहानशी पण मौजेची समुद्रवाट आहे. सुरतेजवळच्या हजिऱ्याहून खंबायतचे आखात ओलांडून भावनगरजवळच्या घोघा बंदरात मोटारींसह बोट जाते. ही २०२० च्या नोव्हेंबरात सुरू झाली. रस्त्याने आखाताला वळसा घालून साडेतीनशे किलोमीटरांवर पडते, पाण्यातून नव्वद. या आखाताची भरती पाहण्यासारखी आहे. पाणी तीन-चार पुरुष चढते आणि उतरते. जिथे सकाळी गलबत तरंगत होते तिथे दुपारी ते चिखलात कुशीवर पडलेले दिसते. आसामात ब्रह्मपुत्रेवरही लहान बोटी जातात, माजुलीसारख्या नदीतल्या बेटांना लागतात. त्या सहली खर्चाच्या आहेत. मी गेलो नाही, तेव्हा अधिक बोलत नाही.

पण माझ्या मनातली खरी सहल याहून जवळची आहे. तिला क्रूझ म्हटलेले मोठ्या बोटीवाल्यांना आवडणार नाही. आपण रायगड जिल्ह्याच्या दारातूनच निघू. पेण, अलिबाग, रेवदंडा. रेवदंड्यापाशीच जुने चौल. पंधराव्या शतकात अफानासी निकितिन नावाचा रशियन व्यापारी घोडा घेऊन हिंदुस्थानात आला तो या चौल बंदरात उतरला, आणि देश हिंडून परत निघाला तो दाभोळहून. आज जगातल्या किती प्रवाशांना चौल आणि दाभोळ माहीत आहेत? आडबंदर हे असे असते. ते एके काळी राजबंदर असते. गाळ साचतो, राज्य बदलते, आणि वाट दुसरीकडे वळते.

पुढे मुरुड, आगरदांडा. तिथे फेरीबोटीने राजापुरीची खाडी ओलांडायची आणि दिघीस उतरायचे. जंजिरा पाण्यात दिसतो. मराठ्यांनी पुष्कळ झुंज दिली, पण त्यांना तो कधी मिळाला नाही. मग श्रीवर्धन, हरिहरेश्वर, आणि बागमांडल्यास पुन्हा फेरीबोट. सावित्रीच्या मुखावरून पलीकडे वेश्वी. इथून रत्नागिरी जिल्हा. केळशी, आंजर्ले, हर्णै, दापोली. मग दाभोळ. तिथे वाशिष्ठीची खाडी ओलांडून धोपावे. ही फेरी २००३ सालची, किनाऱ्यावरची पहिली. गुहागर, हेदवी करीत तवसाळ, तिथून शास्त्रीच्या खाडीवरून जयगड. चार खाड्या, चार बोटी. एकेक प्रवास पाव-अर्ध्या तासाचा. बोटीवर आपली मोटार असते, शेजारी मासळीचा टेंपो, एस.टी.ची गाडी, शाळेची पोरे, आणि हळकुंडासारखी पिवळी पडलेली, दवाखान्याला निघालेली एखादी बाई. सगळ्यांना एकच पाणी ओलांडायचे असते.

या वाटेला निघायचे तर फार उशीर करू नका, असे मात्र मी सांगेन. रेवस ते रेडी असा सागरी महामार्ग होतो आहे आणि या खाड्यांवर पूल येत आहेत. पूल झाला की फेरीबोट कशाला थांबेल? मला त्याचे वाईट वाटते, पण ती दवाखान्याला निघालेली बाई आठवली की तोंड उघडत नाही. तिला पूल हवा आहे. रात्री दहानंतर कळा सुरू झाल्या तर बोट नसते. आपण सहलीला जाणारी माणसे, आपल्या हौसेसाठी कोणाची वाट अडू नये. पण असेपर्यंत त्या बोटीने जावे, आणि मोटारीत न बसता उतरून कठड्याशी उभे राहावे, एवढे तरी करता येईल.

सागरी किल्ल्यांचेही सांगायला हवे. ११ जुलै २०२५ रोजी युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले. त्यांत खांदेरी, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग आणि सिंधुदुर्ग असे चार समुद्राशी नाते सांगणारे आहेत. मालवणला सिंधुदुर्गाकडे जाणाऱ्या होड्यांना गर्दी असते. खांदेरी मात्र अजून आडबाजूला आहे. १६७९ साली शिवाजी महाराजांनी मुंबईच्या इंग्रजांच्या नाकासमोर तो बांधायला घेतला. इंग्रज गलबते घेऊन आले, आणि भर लढाईत काम चालूच राहिले. अलिबागजवळच्या थळहून तिथे होडीने जातात. सुवर्णदुर्ग हर्णैसमोर. होडीतून उतरताना पाय भिजतात, आणि भिजावेत.

आता दोन कामाच्या गोष्टी. पहिली भरतीची. आमच्याकडचे कोळी तिथीवरून भरती सांगतात. तिथीची पाऊणपट करा, तेवढ्या वाजता अंदाजे पूर्ण भरती. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, आणि अमावास्या-पौर्णिमेला बाराच्या सुमारास. त्या दिवसांत उधाण असते, अष्टमीच्या सुमारास भांग. दहावीस मिनिटे इकडेतिकडे होतात, पण लहान होडीने कुठे जायचे ठरवताना हे गणित उपयोगी पडते. ओहोटीला गेलात तर शंभर पावले चिखलातून चालावे लागेल. आणि शेवटचा शब्द तांडेलाचा. तो नको म्हणाला तर पैसे वाढवून देऊ नका.

दुसरी गोष्ट जीवरक्षक जाकिटाची. १८ डिसेंबर २०२४ रोजी मुंबईत गेटवेहून घारापुरीस निघालेल्या एका प्रवासी होडीवर नौदलाची वेगाची नाव आदळली. डझनाहून अधिक माणसे दगावली. भर दुपारी, शांत पाण्यात, मुंबईच्या डोळ्यांदेखत. म्हणून सांगतो, जाकीट ढेकूण-चिलटाचे असो की उन्हात तापलेले, होडीत पाय टाकण्याआधी ते अंगात घाला. फोटोसाठी काढू नका. माणसे जास्त भरलेली दिसली तर पुढच्या होडीने जा. पुढची होडी येते.

आता आक्काचे राहिले.

गेल्या वर्षी मार्गशीर्षात आम्ही ही खाड्यांची वाट धरली. राजापुरीच्या खाडीवर तिला थोडे गरगरले, आईचेच लिंबू पुन्हा कामी आले. बाणकोटच्या खाडीवर ती मोटारीतून उतरलीच. हर्णैस आम्ही दोन दिवस राहिलो. संध्याकाळी बंदरावर मासळीचा लिलाव चालतो तो पाहिला. म्हणजे मी पाहिला, आक्काने ऐकला. तिला आता आवाज अधिक समजतात. दुसऱ्या दिवशी एकादशी होती. गणिताने भरती सव्वाआठला येत होती, वाराही पडलेला होता. सुवर्णदुर्गाकडे जाणारी एक होडी ठरवली. तांडेल पन्नाशीचा. त्याने आक्काला जाकीट घातले, नाडी स्वतः बांधली आणि हाताला धरून आत घेतले.

किल्ल्याशी पोचल्यावर तो म्हणाला, "आजी, उतरवतो हळू. पाणी गुडघ्याइतकंच हाय."

"नको," आक्का म्हणाली. "मी इथं कधी उतरले नाही. आगबोट उभी राहायची तिथं ने."

तांडेलाने माझ्याकडे पाहिले. मला काय ठाऊक? पण त्याला ठाऊक होते. त्याचा आजा पडाव हाकीत असे. त्याने होडी वळवली, किल्ल्याला वळसा घालून थोडी बाहेर नेली आणि यंत्र बंद केले. एकदम शांत झाले. होडी लाटेबरोबर वर जाई, खाली येई. तांडेल म्हणाला, "हितंच कुठंतरी. आजा सांगायचा, किल्ला उजव्या हाताला ठेवायचा नि दीपगृह समोर."

आक्का किनाऱ्याकडे तोंड करून बसली होती. तिला काय दिसत होते, किती दिसत होते, मी विचारले नाही. थोड्या वेळाने ती म्हणाली, "माडांच्या मागं एक कौलारू घर दिसायचं, लाल. ते आहे का रे?"

मी पाहिले. माडांच्या मागे आता तीन-चार मजली इमारती आहेत, पत्र्याचे निळे छप्पर आहे, मोबाईलचा मनोरा आहे. या वेळी मी हो म्हटले नाही. "नाही आक्का," मी म्हणालो, "पण माड आहेत."

"माड असू देत," ती म्हणाली, आणि तांडेलाला म्हणाली, "चल बाबा आता. पडाव आला असं समजते."

त्याने यंत्र सुरू केले. धक्क्याशी पोचल्यावर ठरलेल्या पैशांहून मी थोडे जास्त पुढे केले, तर त्याने मोजून जास्तीचे परत दिले. आक्काला उतरवताना त्याने दोन्ही हात पुढे केले आणि होडी वर येण्याची वाट पाहिली. ती वर आली तशी त्याने तिला उचलून धक्क्यावर ठेवले. वर आल्यावर आक्काने त्याचा हात लगेच सोडला नाही.